चाक फिरेल तेव्हा फिरेल?

एका वाचकाचे पत्र, थोडक्यात : पुण्याजवळच्या औद्योगिक पट्ट्यातील एका कारखान्यात 16 वर्षे उत्पादन नियोजनाचे काम केलेल्या या 43 वर्षांच्या वाचकांची नोकरी 8 महिन्यांपूर्वी गेली. पहिले 2 महिने त्यांनी जमेल तिथे अर्ज केले, मुलाखतीही दिल्या. पुढे सगळे सोडून दिले. याच काळात जुन्या पुस्तकांच्या दुकानात त्यांच्या हाती बोएथियस या रोमन लेखकाच्या ‘तत्त्वज्ञानाचे सांत्वन’ या ग्रंथाचा इंग्रजी अनुवाद लागला. त्याच्या दुसऱ्या भागात भाग्यदेवी आपल्या चाकाविषयी जे बोलते, ते त्यांना इतके पटले की पुढे वाचण्याची गरजच वाटली नाही. त्या चाकाचे एक मध्ययुगीन चित्र आता त्यांच्या मोबाइलच्या पडद्यावर आहे, आणि कोणी नोकरीचा विषय काढला की ‘चाक फिरेल तेव्हा फिरेल’ हे उत्तर तयार असते. पत्नीला हा निव्वळ आळस वाटतो. कोल्हापूरची ताई पत्रिका दाखवायला चल म्हणून मागे लागली आहे. जुन्या ओळखीच्या एका सप्लायरचे 2 फोन येऊन गेले, ते त्यांनी घेतले नाहीत. सकाळी 11च्या आत उठवत नाही. त्यांचा प्रश्न असा : मध्ययुगातल्या युरोपीय माणसाने नशिबापुढे मान तुकवून मनःशांती मिळवली होती, तशी ती मी मिळवली, तर माझे काय चुकले?

नमस्कार.

तुमचे पत्र मी दोनदा वाचले. पहिल्या वाचनात वाटले की एका जुन्या ग्रंथाने तुम्हाला कठीण दिवसांत आधार दिला आहे, आणि त्याबद्दल बरेच वाटले. दुसऱ्या वाचनात मात्र लक्षात आले की तुम्ही त्या ग्रंथाकडून अंथरुणात पडून राहण्याची परवानगी मिळवली आहे, आणि ती त्याने दिलेली नाही. हे वाक्य कठोर वाटेल, पण तुम्ही प्रश्न सरळ विचारला आहे, म्हणून उत्तरही सरळच द्यायला हवे.

आधी तुमच्या सोबत्याची परिस्थिती आठवू या. बोएथियस 510 साली रोमचा कॉन्सल, म्हणजे तिथला सर्वोच्च मानाचा अधिकारी, झाला, 522 साली त्याचे दोन्ही मुलगे एकाच वेळी कॉन्सल झाले, आणि इटलीवर राज्य करणाऱ्या थिओडोरिकने त्याला दरबारातील सर्वोच्च पदांपैकी एक दिले. त्यानंतर वर्ष-दोन वर्षांतच राजद्रोहाच्या आरोपावरून तो पाव्हियात कैदेत पडला, आणि 524च्या सुमारास त्याला ठार मारण्यात आले. ‘सांत्वन’ लिहिले गेले ते या कैदेत. ग्रंथाच्या आरंभी तो काव्यदेवतांच्या सोबतीने शोककविता लिहीत बसलेला असतो. तेवढ्यात एक स्त्री येते; तिचे वस्त्र उंची आहे, पण कोणीतरी ओरबाडून त्याच्या चिंध्या केल्या आहेत. ही तत्त्वविद्या, म्हणजे स्त्रीरूपात आलेले तत्त्वज्ञान. ती आल्या आल्या काव्यदेवतांना हाकलते, कारण त्या रोग्याला बरे करीत नाहीत, त्याला रोगाची सवय लावतात. मग ती त्याच्याकडे निरखून पाहते आणि वैद्याप्रमाणे निदान करते : याला ग्लानीचा आजार झाला आहे, हा स्वतःला विसरला आहे. मग आपल्या वस्त्राची घडी करून त्याचे डोळे पुसते.

ग्लानी हा तिचा शब्द आहे. 11पर्यंत न उठवणे आणि ओळखीच्या माणसाचा फोन वाजत असताना पडद्याकडे नुसते पाहत राहणे, ही मनःशांतीपेक्षा या निदानाशी अधिक जुळणारी लक्षणे आहेत असे मला वाटते.

आता तुम्हाला पटलेले ते भाषण. ‘हेच माझे सामर्थ्य, हाच माझा अखंड खेळ, वाटले तर वर चढ, पण खेळाच्या नियमाने खाली यावे लागले तर अन्याय झाला म्हणू नकोस,’ अशा आशयाचे भाग्यदेवीचे बोलणे कोणालाही भारून टाकेल. पण ते बोलते कोण, हे पुन्हा एकदा पाहा. भाग्यदेवी स्वतः त्या कोठडीत येतच नाही. तत्त्वविद्या म्हणते की मी थोडा वेळ तिची बाजू तिच्याच शब्दांत मांडते, आणि वकिलाने अशिलाच्या वतीने बोलावे तसे बोलते. हे उपचारांतले सौम्य औषध आहे, तीव्र औषधे पुढे येतील, असेही ती रोग्याला सांगून ठेवते. ग्रंथाचे 5 भाग आहेत आणि तुम्ही दुसऱ्यात थांबलात. दोन गोळ्या घेतल्यावर ताप उतरल्यासारखा वाटला म्हणून उरलेला कोर्स सोडून द्यावा, तसे हे झाले.

तुमच्या पडद्यावरचे चित्र बहुधा बव्हेरियातील बेनेडिक्टबॉयर्नच्या मठात 1803 साली सापडलेल्या, 1230च्या सुमाराच्या हस्तलिखितातले असावे. तुम्ही केलेल्या वर्णनावरून तसे वाटते. चाकाच्या मधोमध भाग्यदेवी बसली आहे आणि कडेवर 4 माणसे आहेत : एक चढतो आहे, एक मुकुट घालून वर बसला आहे, एक डोके खाली करून घसरतो आहे, एक तळाशी पडला आहे. त्यांच्याजवळ लॅटिनमध्ये लिहिले आहे, ‘मी राज्य करीन’, ‘मी राज्य करतो’, ‘मी राज्य केले’, ‘मी राज्याविना आहे’. तळाच्या माणसाच्या जागी तुम्ही स्वतःला ठेवले आहे, ते स्वाभाविकच आहे, आणि चाक गोल असल्यामुळे त्यानंतर ‘मी राज्य करीन’ची पाळी येणारच, असा हिशेब केला आहे. हे आपल्या रहाटगाडग्याचे गणित झाले. तिथे रिकामे खाली गेलेले गाडगे भरून वर येते, याची खात्री असते. युरोपातल्या त्या चाकाने अशी हमी कोणालाही दिलेली नाही. बाझेलच्या कॅथेड्रलमध्ये गोल खिडकीच्या कडेने चढणारी आणि कोसळणारी दगडी माणसे आहेत, सिएनाच्या कॅथेड्रलच्या फरशीत चाक कोरलेले आहे. ही चित्रे खाली पडलेल्याला ‘थांब, वर येशील’ असे सांगण्यापेक्षा वर बसलेल्याला ‘सांभाळ’ असे बजावण्यासाठी होती.

चाकाच्या कथांचेही तसेच. इंग्रज कवी चॉसरने बोएथियसचा स्वतः अनुवाद केला होता, त्यामुळे हे चाक त्याला आतून-बाहेरून माहीत होते. त्याच्या ‘कँटरबरी कथां’मध्ये यात्रेकरू वाटेत पाळीपाळीने गोष्टी सांगतात; त्यांतला एक संन्यासी वैभवावरून कोसळलेल्यांच्या शोककथा एकामागून एक सांगत सुटतो. 17 कथा झाल्यावर सोबतचा सरदार वैतागून म्हणतो की पुरे आता, गरिबीतून वर चढून तिथे टिकलेल्या माणसाची गोष्ट ऐकायला किती बरे वाटते. (तुमच्या पत्नीचे म्हणणे याहून फार वेगळे असेल असे मला वाटत नाही.) त्यानंतर एका पुरोहिताची पाळी येते आणि तो कोंबड्याची गोष्ट सांगतो. खुशामतीला भुलून कोंबडा डोळे मिटून आरवायला लागतो, आणि कोल्हा त्याला मानेला धरून रानाकडे पळतो. मागे सगळे गाव आरडाओरडा करीत धावते आहे. इथे कथेकरी थांबून म्हणतो की पाहा, भाग्य कसे एकाएकी उलटते! ते उलटते कसे, तर कोल्ह्याच्या जबड्यात मान अडकलेली असताना कोंबडा त्याला सुचवतो की मी तुमच्या जागी असतो तर या लोकांना चांगले चार शब्द सुनावले असते. कोल्हा बोलायला तोंड उघडतो आणि कोंबडा झाडावर. चाक फिरले खरे, पण कोंबडा त्या वेळी गप्प राहिला असता तर ते कोल्ह्याच्या बाजूनेच फिरले असते.

तुमच्या प्रश्नामागचे मोठे गृहीतक असे आहे की मध्ययुगातला माणूस दैववादी होता. सामान्य माणसे काय पुटपुटत असतील ते असोत. ज्यांनी या विषयावर डोके झिजवले, त्यांनी तुम्ही एका ‘नशीब’ या शब्दात कोंबलेल्या गोष्टी वेगवेगळ्या करून ठेवल्या होत्या. आपणही नशीब, प्रारब्ध, विधिलिखित, योगायोग हे शब्द हाताला लागेल तसे वापरतो, म्हणून हा फरक थोडा सविस्तर सांगते. भाग्य, म्हणजे फॉर्च्युन, ही पद, पैसा, मान यांची चंचल देवघेव. ती कोणाला बांधील नसते. नियती वेगळी. बोएथियसच्या चौथ्या भागात तत्त्वविद्या सांगते की ईश्वराच्या मनातली योजना एकसंध आणि स्थिर आहे, आणि तीच योजना काळात उलगडत जाते तेव्हा तिला नियती म्हणतात. त्यासाठी ती एकाच आसाभोवती फिरणाऱ्या वर्तुळांचे उदाहरण देते. बैलगाडीचे चाक ज्यांनी पाहिले आहे त्यांना हे लगेच कळेल. धावेवरचा बिंदू एका फेऱ्यात केवढे अंतर कापतो, आरे त्याहून कमी, तुंबा त्याहून कमी, आणि आस जागच्या जागी असतो. जो आसाच्या जितका जवळ, तितका तो नियतीच्या फिरण्यातून मोकळा. चाक दाखवून तिला रोग्याला आत, आसाकडे सरकवायचे आहे. तुम्ही धावेला चिकटून खालून वर जाण्याची वाट पाहत आहात.

योगायोग हा आणखी निराळा, आणि तुमच्या कामाला सर्वांत उपयोगी पडणारा. पाचव्या भागाच्या सुरुवातीला एक जुने उदाहरण येते : एक माणूस शेतीसाठी जमीन खणतो आणि त्याला पुरलेले सोने सापडते. हे अचानक घडले असे आपण म्हणतो, पण त्यामागे दोन कारणे होती. एकाने सोने पुरले होते आणि दुसरा खणत होता. दोघांचाही हेतू हा नव्हता. दोन कारणांच्या वाटा एकमेकींना छेदल्या, त्या छेदाला बोएथियस योगायोग म्हणतो. नोकऱ्या पुष्कळदा अशाच मिळतात. कोणाकडे तरी जागा रिकामी असते, तुम्ही भलत्याच कामासाठी त्याला भेटलेले असता. पण त्या उदाहरणातल्या माणसाच्या हातात कुदळ आहे. तुमच्या बाबतीत सोने पुरणाऱ्याने दोनदा फोन केला, आणि खणणारा झोपलेला होता.

आता ताईंच्या आग्रहाविषयी. मध्ययुगात ग्रहताऱ्यांवर विश्वास होता, हे खरेच आहे. 1348च्या प्लेगच्या महामारीचे कारण विचारल्यावर पॅरिस विद्यापीठाच्या वैद्यकीय विभागानेही 1345 सालच्या शनी, गुरू आणि मंगळ यांच्या युतीकडे बोट दाखवले होते. पण माणसाचे निर्णय ग्रह ठरवतात, हे मत चर्चला कधीच मानवले नाही, आणि 1277 साली पॅरिसच्या बिशपने निषिद्ध ठरवलेल्या 219 विधानांत त्या जातीची विधानेही होती. त्याच शतकातला ख्रिस्ती तत्त्वज्ञ थॉमस अक्वायनस याची भूमिका मला फार शहाणपणाची वाटते. तो म्हणतो की ग्रहांचा परिणाम शरीरावर आणि त्यातून वासनांवर होऊ शकतो. बहुतेक माणसे वासनांच्या मागे जातात, म्हणून ज्योतिष्यांची ढोबळ भाकिते बऱ्याचदा खरी ठरतात. पण एखाद्या माणसाने विवेकाने वागायचे ठरवले तर त्याला अडवणारे आकाशात काही नाही.

त्याच्या कितीतरी आधी, 400 सालाच्या आसपास, ख्रिस्ती संत ऑगस्टिनने आपल्या आत्मकथनात सांगितलेली हकिगत ताईंना जरूर ऐकवा, कारण तरुणपणी तो स्वतः ज्योतिष्यांच्या नादी लागला होता. त्याच्या फर्मिनस नावाच्या मित्राचे वडील आणि त्यांचा एक स्नेही, दोघेही ज्योतिषाचे इतके वेडे होते की घरातली जनावरे व्याली तरी वेळ टिपून ठेवत. फर्मिनसची आई बाळंत होणार होती त्याच सुमारास त्या स्नेह्याच्या घरातली एक दासीही अडलेली होती. दोघी एकाच क्षणी प्रसूत झाल्या. बातमी घेऊन दोन्ही घरांतून निघालेले निरोपे बरोबर अर्ध्या वाटेवर एकमेकांना भेटले, त्यामुळे वेळेत तसूभरही फरक काढायला जागा उरली नाही. पत्रिका एकच, फर्मिनस मानमरातबात वाढला आणि दासीचा मुलगा दासच राहिला. ताईंना दुखवायचे नसेल तर त्यांच्याबरोबर जाऊन या, पण दोन गोष्टी आधी ठरवून जा : ‘केव्हा’ हा प्रश्न विचारायचा नाही, कारण मिळालेल्या तारखेपर्यंत तुम्ही पुन्हा निजून राहाल; आणि नोकरी सुटताना मिळालेल्या पैशातून कोणत्याही शांतीला किंवा खड्याला एक रुपयाही द्यायचा नाही.

बोएथियसविषयी माझी एक तक्रार आहे, तीही मांडते. दुसऱ्याच भागात तत्त्वविद्या त्याला अजून काय शिल्लक आहे ते मोजायला लावते : सासरे सिमाकस सुखरूप आहेत, पत्नी आहे, गुणी मुलगे आहेत. प्रत्यक्षात बोएथियसनंतर थोड्याच काळात थिओडोरिकने सिमाकसलाही ठार मारले. म्हणजे शिल्लक म्हणून मोजलेलेही भाग्याच्याच ताब्यात होते. पुढे ती बाहेरचे सगळेच आपले नव्हे असे सांगते, आणि मरण समोर उभे असलेल्या कैद्याला ते पुरले असेल. ज्याला दरमहा घराचा हप्ता भरायचा आहे, मुलांची फी भरायची आहे, त्याला ते कसे पुरावे? म्हणून तुमच्यासाठी मी त्याच परंपरेतली दुसरी व्यक्ती सुचवते.

ही मध्ययुगातली फ्रेंच लेखिका, क्रिस्तीन द पिझाँ. तिचा जन्म 1364 साली व्हेनिसमध्ये झाला. तिचे वडील फ्रान्सचा राजा पाचवा चार्ल्स याच्या दरबारी ज्योतिषी होते, तेव्हा ग्रहांचा विषय तिच्या घरचाच. 1380 साली राजा गेला आणि घराची घडी विस्कटू लागली. पुढे वडील गेले, आणि पंचविशीतच राजाच्या कचेरीत काम करणारा तिचा नवरा साथीच्या आजाराने गेला. पदरात 3 मुले, आई, एक भाची, आणि नवऱ्याच्या येणे असलेल्या पैशांच्या वसुलीसाठी वर्षानुवर्षे कोर्टकचेऱ्या. 1403 साली तिने भाग्याच्या उलथापालथीवर 23,000हून अधिक ओळींचे काव्य पूर्ण केले. त्यात आपली कथा तिने जहाजाच्या रूपकात सांगितली आहे. सुकाणूवर नवरा आहे. वावटळ येते आणि त्याला समुद्रात फेकते. ती मागोमाग उडी घ्यायला निघते, तेव्हा जहाजावरची माणसे तिला धरून ठेवतात. रडून रडून ती झोपी जाते. भाग्यदेवी येऊन तिच्या एकेका अवयवाला स्पर्श करते. जाग येते तेव्हा अंग टणक झालेले असते, आवाज जाड झालेला असतो, आणि बोटातली लग्नाची अंगठी गळून शेजारी पडलेली असते. ती पुरुष झाली आहे, असे ती लिहिते. जहाज खडकावर आपटून फुटले आहे. ती उठते, खडकांवरचे शेवाळ गोळा करून फटींत कोंबते, खिळे ठोकून फळ्या सांधते, डांबर लावते, आणि सुकाणू स्वतः धरते.

मला या प्रसंगातली सर्वांत प्रामाणिक गोष्ट त्यानंतरची वाटते. हे घडून 13 वर्षे झाली, पण पूर्वीसारखी स्त्री म्हणून जगणेच मला अधिक आवडले असते, असे ती मोकळेपणाने लिहिते. भाग्याने भले केले, असा आव ती आणत नाही. तुम्हालाही 16 वर्षांची नोकरी गेल्याचे दुःख ‘चाक’ म्हणून झाकून टाकण्याची गरज नाही. ते पत्नीजवळ बोला. तुमच्या पत्रात पत्नीची चिडचिड आहे, पण तिला तुम्ही बचत किती उरली, ती किती महिने पुरेल, हे आकडे सांगितल्याचा उल्लेख कुठेही नाही. ती तत्त्वज्ञानावर चिडली असेल असे मला वाटत नाही. तिला जहाजात पाणी किती शिरले आहे ते कळत नाही. या रविवारी कागद घेऊन दोघे बसा आणि आकडे मांडा.

नोकरी गेलेल्या आणि हे सदर वाचणाऱ्या इतरांनाही लागू पडेल अशी एक रीत सुचवते. वहीच्या एका पानावर भाग्याच्या हातातल्या गोष्टी लिहा : जागा निघणे, मुलाखत घेणाऱ्याचा मूड, बाजाराची मंदी. समोरच्या पानावर आठवड्याचे खणणे लिहा : किती अर्ज, किती फोन, किती भेटी. रात्री हिशेब फक्त दुसऱ्या पानाचा करायचा. पहिल्या पानावरचे काही बिघडले म्हणून दुसऱ्या पानावरचा आकडा कमी करायचा नाही, आणि नशिबाने काही जुळून आले तरीही नाही. इटालियन कवी पेट्रार्कने ‘दोन्ही प्रकारच्या भाग्यांवरील उपाय’ नावाचा ग्रंथ लिहिला तो उगाच नाही. चांगल्या भाग्यावरही उपाय लागतो, हे त्याला ठाऊक होते, आणि कारखान्यात तुमचे 16 वर्षे सुरळीत चालले असताना बाहेरच्या ओळखी कशा सुटत गेल्या, ते तुम्हीच पत्रात लिहिले आहे.

आणखी एक. उशिरापर्यंत न उठवणे, जेवणावरची वासना उडणे, कशातच मन न लागणे हे 2-3 आठवड्यांहून अधिक काळ चालू असेल तर डॉक्टरांना दाखवा. त्यात कमीपणा नाही. तत्त्वविद्याही कोठडीत वैद्य म्हणूनच शिरली होती आणि तिने आधी निदान केले, मग उपदेश केला.

‘सांत्वना’चे उरलेले 3 भाग जरूर वाचा. शेवटच्या भागात ईश्वराला सगळे आधीच दिसत असेल तर माणसाच्या इच्छेला अर्थ काय, या प्रश्नाचा जो निकाल लावला आहे, तो तुम्हाला नक्की आवडेल : रस्त्याने चालणारा माणूस तुम्हाला दिसला, म्हणून काही तुमच्या पाहण्याने त्याला चालणे भाग पडत नाही. मात्र तिसरा भाग उघडण्याआधी त्या सप्लायरला फोन करा. त्यांनी नेमके कशासाठी फोन केले होते, ते तुम्ही पत्रात लिहिलेले नाही. बहुधा तुम्हालाही ते अजून माहीत नाही.